शब्दचर्चा: गिऱ्हा, ग्रह आणि भूतसंचार

प्रश्न असा आहे: भुते कोणत्या स्थळी आणि कोणत्या काळी दिसली याची शतकानुशतकांची नोंद नकाशावर मांडणारे एखादे काल्पनिक शास्त्र कथेसाठी रचले, तर त्याला ‘भूतविद्या’ म्हणावे की ‘भूगोल’च्या धर्तीवर ‘भूतगोल’?

‘भूतगोल’ प्रथम बाजूला ठेवू. ‘भूगोल’मधला ‘गोल’ पृथ्वीच्या आकाराचा आहे आणि भुतांना तो लागू पडत नाही. ‘भूतविद्या’ मात्र जारणमारणाच्या अर्थाने हल्ली इतक्या सर्रास वापरली जाते की त्याविषयी बोललेच पाहिजे. छांदोग्योपनिषदाच्या सातव्या अध्यायात नारद सनत्कुमारांना आपण शिकलेल्या विद्यांची यादी सांगतो, तीत हा शब्द वेद, इतिहास-पुराण आणि नक्षत्रविद्या यांच्या पंक्तीला बसलेला आहे. शंकराचार्यांनी तेथे आपल्या भाष्यात ‘भूततन्त्र’ एवढाच पर्याय देऊन पुढे जावे आणि जर्मन संस्कृतपंडित मॅक्समुल्लरने ‘राक्षसांचे शास्त्र’ असे भाषांतर करावे, हे मला दोन्ही अपुरे वाटते, कारण सुश्रुतसंहितेत भूतविद्या हे आयुर्वेदाच्या आठ अंगांपैकी एक अंग आहे आणि तिचा हेतू पीडिताला बरे करण्याचा आहे.

याच अंगाला अष्टांगहृदय या आयुर्वेदाच्या दुसऱ्या ग्रंथात ‘ग्रह’ असे नाव आहे, आणि खरी गंमत येथून सुरू होते. ‘ग्रह’ म्हणजे पकडणारा, ‘ग्रह्’ धातूपासून आलेला; आकाशातला ग्रह माणसाला पकडतो तसा अदृश्य ग्रहही पकडतो, अशी ती समजूत. कोकणातला, रात्री माणसाला भुलवून पाण्यात ओढणारा ‘गिऱ्हा’ हा याच ‘ग्रहा’चा वंशज आहे, असे माझे ठाम मत आहे. पाण्यात नेऊन गिळतो म्हणून त्याचा संबंध ‘गिळणे’शी जोडणाऱ्यांनी त्यातल्या ‘ऱ्ह’चा उलगडा करून दाखवावा. ‘ग्राहक’ शब्दाचे बोलीत ‘गिऱ्हाईक’ झाले, कारण ‘ग्र’मध्ये इकार शिरला आणि सुटा झालेला ‘र’ पुढच्या ‘ह’ला जाऊन मिळाला, ‘ग्रह’चे ‘गिऱ्हा’ नेमके त्याच वाटेने होते. बाजारातला गिऱ्हाईक आणि डोहातला गिऱ्हा एकाच धातूची लेकरे आहेत, याहून सुंदर पुरावा मला ठाऊक नाही. भुताखेतांची शेजारची नावेही अशीच बोलकी आहेत: ‘जखीण’ यक्षिणीपासून, पाण्यातली ‘आसरा’ अप्सरेपासून, ‘समंध’ संबंधापासून, तर ‘खवीस’ अरबी ‘खबीस’पासून आला. शब्दांचे हे थर लावले तरी कोणते भूत कोणत्या काळी आपल्या मुलखात आले, याचा अर्धा नकाशा हाती येतो.

काळाची नोंद तर सुश्रुतसंहितेच्या उत्तरतंत्रातच, म्हणजे शेवटच्या भागातच आहे. देवग्रह पौर्णिमेला, असुर संधिकाळी, गंधर्व बहुधा अष्टमीला, यक्ष प्रतिपदेला, पितर अमावास्येला, उरग म्हणजे सर्प पंचमीला, राक्षस रात्री आणि पिशाच चतुर्दशीला शरीरात शिरतात, असे तेथे क्रमाने सांगितले आहे. भुतांचे वेळापत्रक मांडणारे शास्त्र काल्पनिक म्हणून रचायला निघालेल्या लेखकाने हा साठावा अध्याय आधी वाचावा. त्यात नाही ते फक्त स्थळ.

नावापुरते सांगायचे तर ‘भूतविद्या’ हे उपचाराचे नाव आहे, आणि ‘ग्रहालेख’ मला फार प्रिय असूनही वाचक त्याचा संबंध मंगळ-शनीशी लावील. म्हणून ‘भूतसंचारलेखन’ घ्यावे. ‘भूतसंचार’ हा शब्द संस्कृतात बाधेच्या अर्थाने आहेच, आणि मराठीत ‘संचार’ म्हणजे हिंडणेही होते व अंगात येणेही होते. स्थळकाळातला वावर आणि माणसाला झालेली बाधा या दोन्ही नोंदी त्या एकाच शब्दात मावतात.