पोर्तुगीज लेखक सारामागोची ‘डेथ विथ इंटरप्शन्स’ ही कादंबरी फार निराश करते का? घरात आजारी वडील आहेत, त्यांना वाचायला द्यावी का?

निराश? मी अर्धं पुस्तक खिदळत वाचलं. १ जानेवारीपासून एका देशात माणसं मरेनाशी होतात. बरी मात्र होत नाहीत, नुसती पडून राहतात. अंत्यविधीवाल्यांची बोंबाबोंब, ते सरकारला म्हणतात, कुत्री-मांजरं पुरणं सक्तीचं करा. विमा कंपन्या म्हणतात, ८० झाले की मेलात असं धरू. चर्चची तर भलतीच पंचाईत, मरणच नाही तर पुनरुत्थान कसलं!

त्यात एक शेतकरी म्हातारा आहे. तोच घरच्यांना म्हणतो, मला सीमेपलीकडे न्या. तिकडे मरण चालू असतं. ते नेतात, आणि जग त्यांच्यावर तुटून पडतं. मग तेच लोक आपापले म्हातारे गुपचूप न्यायला लागतात.

हे वाचताना मला आमच्या वन्संच दिसत होत्या. नौपाड्यात आमच्या मागच्या खोलीत सासरे, अण्णा, अर्धांगवायूने पडलेले. नाकातली नळी ओढू नये म्हणून हाताला मोजे बांधलेले. पेज गाळायची, सिरिंजने हळूहळू सोडायची, जरा घाई झाली की ठसका. वन्सं रविवारी वाशीहून शहाळी घेऊन यायच्या. ती फोडायला कोयता शेजारून मीच आणायचा. अण्णांनी शुद्धीत असताना बजावलं होतं, पुन्हा आयसीयू नको. ते मी बोलून दाखवलं, तर सगळ्या नातेवाइकांसमोर, ‘वहिनीला घाई झालीय.’ झालं, अण्णा व्हेंटिलेटरवर. नंतरच्या रात्री बाहेरच्या बाकड्यावर कोण होतं, हे मी इथे लिहीत नाही.

म्हणून सांगते, पुस्तक नंतर, आधी वडिलांशी बोला आणि शेवटी कोणते उपचार नकोत याचा कागद करा. सुप्रीम कोर्टाने २०१८ मध्ये अशा इच्छापत्राला मान्यता दिलीय, २०२३ मध्ये प्रक्रियाही सोपी केलीय. दोन साक्षीदार आणि नोटरी किंवा राजपत्रित अधिकारी, एवढ्यावर होतं. आम्ही दोघांनी करून ठेवलंय. वन्संना प्रतही पाठवलीय.

वडिलांना द्यावी का, ते त्यांचा स्वभाव बघून ठरवा. सेवा करणाऱ्याने मात्र जरूर वाचावी. हां, संवादांना अवतरणचिन्हं नाहीत, वाक्यं पानभर चालतात. पुढे मृत्यूच बाईच्या रूपात एका चेलोवादकाच्या मागे लागतो. तो भाग मला लांबल्यासारखा वाटला, आमच्या ह्यांना तोच आवडला.