चार हजार नऊशे पंचेचाळीस रुपये

प्रिय मुली,

अनेक आशीर्वाद.

तुझा मेसेज वाचला, सोबतच्या कागदाचा फोटोही मोठा करून बघितला. पन्नास लाखांचं कर्ज, साडेआठ टक्के व्याज. वीस वर्षांसाठी हप्ता ४३,३९१, तीस वर्षांसाठी ३८,४४६. दुसऱ्या आकड्याभोवती तू पेनाने गोल केला आहेस आणि खाली विचारलं आहेस, "मावशी, महिन्याला पाच हजार वाचत असतील तर तीस वर्षं का घेऊ नयेत?"

घर घ्यावं की भाड्याने राहावं, यावर मी एक अक्षरही लिहिणार नाही. साडेबासष्ट लाखांचा फ्लॅट तू ठरवला आहेस, साडेबारा लाख जमवले आहेस, चांगलं केलंस. मी फक्त त्या कागदावर नसलेल्या रकान्याबद्दल लिहिते.

४३,३९१ ला २४० ने गुण: १,०४,१३,८४०. आता ३८,४४६ ला ३६० ने गुण: १,३८,४०,५६०. वजाबाकी कर. ३४,२६,७२० रुपये. महिन्याला ४,९४५ रुपये कमी द्यायला मिळावेत म्हणून तू सव्वाचौतीस लाख जास्त देणार आहेस. फ्लॅटच्या निम्म्याहून अधिक किंमत ती! हे गुणाकार कागद देणाऱ्याने करून दाखवले नाहीत, कारण तू विचारलंस ते हप्त्याबद्दल. हप्ता विचारला की हप्ताच सांगतात. मुदत बघ, मुली. हप्ता नंतर.

असं का होतं ते एकदा नीट समजून घे, म्हणजे पुढे कुणालाही विचारावं लागणार नाही. दर महिन्याला आधी उरलेल्या मुद्दलावर व्याज लागतं. पन्नास लाखांवर साडेआठ टक्क्यांनी पहिल्या महिन्याचं व्याज ३५,४१७ रुपये. हे दोन्ही मुदतींना सारखंच. वीस वर्षांच्या हप्त्यातून व्याज गेल्यावर मुद्दलाकडे ७,९७४ रुपये जातात. तीस वर्षांच्या हप्त्यातून जातात ३,०२९. हप्ता साधारण अकरा टक्क्यांनी घटला, पण मुद्दल फेडण्याचा वेग बासष्ट टक्क्यांनी घटला. तू कापलेले पाच हजार व्याजातून कापलेच जात नाहीत, ते सगळे मुद्दलातून जातात.

वीस वर्षांचं कर्जही काही साधुसंत नाही. पाच वर्षांत तू २६ लाखांच्या वर भरशील आणि मुद्दल उतरेल जेमतेम ५ लाख ९४ हजारांनी. दहा वर्षं झाली, अर्धी मुदत संपली, तरी ३५ लाख बाकी असतील. निम्मं मुद्दल फिटायला पावणेचौदा वर्षं उलटून जातात. तीस वर्षांच्या कर्जात हा निम्म्याचा टप्पा बावीस वर्षं आणि आठ-नऊ महिन्यांनी येतो. तेव्हा तू बावन्न वर्षांची असशील. आई-वडिलांच्या आजारपणाचा, मुलांच्या कॉलेजचा काळ तो, आणि पंचवीस लाख अजून अंगावर.

"पण पंधरा वर्षांनी चाळीस हजार म्हणजे काहीच नसतील," असं तू म्हणशील. खरं आहे. महागाईने हप्ता हलका होत जातो आणि कर्जदाराला ती थोडी मदतच करते. पण ती वीस वर्षांच्या कर्जालाही करते, आणि तिच्या भरवशावर सुरुवातीची दहा वर्षं मुद्दल जवळजवळ जागच्या जागी ठेवणं मला पटत नाही. कधी पटणारही नाही. यात माझा हट्ट असेल, तर असू दे.

आता व्याजदर. तू ज्याला "साडेआठ टक्के फायनल" म्हणते आहेस तो फायनल नाही, तो बदलता दर आहे. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेने रेपो दर, म्हणजे ती बँकांना ज्या दराने उसने पैसे देते तो, ४ टक्क्यांवरून साडेसहावर नेला. ही वाढ पुरी होण्याच्या दोन वर्षं आधी, पावणेसात टक्क्यांनी, वीस वर्षांसाठी पन्नास लाख घेतलेल्याचा हप्ता ३८,०१८ होता. दर सव्वानऊ झाला तेव्हा त्याची बाकी साधारण साडेसत्तेचाळीस लाख होती आणि महिन्याचं व्याजच ३६,५८८ झालं. हप्ता तोच ठेवायचा म्हटलं तर उरलेली अठरा वर्षं पस्तीस वर्षांच्या वर जातात. मुदत तीच ठेवायची तर हप्ता ४५,१९३ करावा लागतो. सावकाराची पहिली ओढ मुदत वाढवण्याकडे असते, कारण हप्ता बदलला नाही की कर्जदाराला काही जाणवत नाही. पगार खात्यातून कापली जाणारी रक्कम तीच असते, तक्रार कोण करणार?

म्हणून रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकात सांगून ठेवलं आहे: दर बदलला की हप्त्यावर आणि मुदतीवर काय परिणाम होईल ते कळवायचं, हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची, की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला निवडू द्यायचं, आणि दर तिमाहीला मुद्दल किती फिटलं, व्याज किती गेलं, हप्ते किती उरले याचं विवरण द्यायचं. त्या विवरणात तू एकच रकाना बघायचा, उरलेल्या हप्त्यांची संख्या. ती मागच्या तिमाहीपेक्षा बरोबर तीनने कमी हवी. नसेल तर त्याच आठवड्यात लेखी कळव, "मुदत मूळचीच ठेवा, हप्ता वाढवा." दर उतरेल तेव्हा उलटं कर. हप्ता कमी करून घेऊ नकोस, आहे तोच ठेव आणि मुदत आखडू दे.

आणखी एक. तुझा प्रस्ताव गृहवित्त कंपनीचा आहे. बँकांची बदलत्या दराची नवी गृहकर्जं १ ऑक्टोबर २०१९ पासून रेपोसारख्या बाहेरच्या दराशी बांधलेली असतात. गृहवित्त कंपन्यांना ती सक्ती नाही, त्या स्वतःचा मूळ दर ठरवतात. २०२५ मध्ये रेपो साडेसहावरून सव्वापाचवर आला, तरी तुला साडेआठ का, हे त्यांना विचार. आणि दोन बँकांकडून "रेपो अधिक किती" असं लेखी उत्तर घे. त्या "अधिक"वर घासाघीस होते, पण ती सही करण्याआधी. नंतर तीच गोष्ट दर बदलून घेण्याची फी भरून मागावी लागते.

फोटोतल्या कोपऱ्यात "विमा १.५ लाख, कर्जात समाविष्ट" असं बारीक अक्षरात आहे. ते तुझ्या नजरेतून सुटलं, नाही का? दीड लाखाचा एकरकमी हप्ता कर्जात मिसळला की वीस वर्षांत त्याचे ३ लाख १२ हजार होतात. विमा हवाच, मी त्याविरुद्ध नाही. पण साधा टर्म प्लॅन, म्हणजे ठरावीक मुदतीचा नुसता जीवन विमा, वेगळा घे, दरवर्षी प्रीमियम भर. तो कर्जाबरोबर संपत नाही आणि कर्ज दुसरीकडे नेलं तरी तुझाच राहतो. त्यांचाच विमा घेतल्याशिवाय कर्ज मिळणार नाही असं कुणी तोंडी म्हणालं, तर तेच लेखी माग. बहुतेक वेळा आवाज बदलतो.

मुद्रांक शुल्काचं थोडक्यात, कारण त्यात करण्यासारखं फार नाही. पुण्यात सात टक्के, फक्त बाईच्या नावावर घेतलंस तर सहा. होणाऱ्या नवऱ्याचं नाव करारात घालायचं की नाही हा तुमचा प्रश्न, त्याची किंमत ६२,५०० रुपये आहे एवढं माहीत असू दे. नोंदणी फी ३० हजार. बांधकाम चालू आहे म्हणून पाच टक्के जीएसटी, म्हणजे ३,१२,५००. कर्जाच्या गहाणखतावर ०.३ टक्के, ते १५ हजार. मुद्रांक आणि नोंदणी कर्जाच्या हिशेबात धरत नाहीत, आणि तुझ्या पन्नास लाखांत जीएसटीही बसत नाही, म्हणजे साडेबारा लाखांच्या पलीकडे आणखी सात-आठ लाख हातात हवेत. त्यासाठी वैयक्तिक कर्ज काढायचा विचार असेल तर थांब, घर सहा महिने पुढे ढकल.

ताबा तीन वर्षांनी आहे ना? मग ते तुला "प्री-ईएमआय" सुचवतील: बिल्डरला जेवढी रक्कम गेली तेवढ्यावर नुसतं व्याज. तीन वर्षांत सरासरी पंचवीस लाख उचलले गेले, तर महिन्याला १७,७०८ प्रमाणे ६ लाख ३७ हजार जातील आणि मुद्दल एका रुपयानेही हलणार नाही. भाडं चालूच. आणि मुदतीची वीस वर्षं त्यानंतर सुरू होतात, म्हणजे खरी मुदत तेवीस. झेपत असेल तर पूर्ण हप्ता पहिल्यापासून सुरू करायला सांग.

"टॅक्स वाचतो" हे वाक्य मला पुन्हा ऐकवू नकोस. नव्या करप्रणालीत स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर वजावटच नाही. जुन्या प्रणालीत वर्षाला दोन लाखांपर्यंत; तीस टक्क्यांच्या टप्प्यात सेससह ६२,४०० रुपये वाचतात. पहिल्या वर्षी व्याज सव्वाचार लाखांच्या आसपास जातं. बासष्ट हजार वाचवायला सव्वाचार लाख खर्च करणं याला बचत म्हणायचं असेल तर म्हण.

जिथे तुझ्या हातात खरंच काही आहे, ते म्हणजे मधले भरणे. बदलत्या दराच्या गृहकर्जावर वैयक्तिक कर्जदाराला मुदतपूर्व भरण्याचा दंड लावता येत नाही. वीस वर्षांच्या कर्जात पहिलं वर्ष संपताना दोन लाख भरलेस, तर शेवटचे एकवीस हप्ते गळतात. तेच दोन लाख पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरलेस, तर फक्त सात. दरवर्षी एक हप्ता जादा भरलास तर कर्ज पावणेसतरा वर्षांत संपतं आणि दहा लाखांहून जास्त व्याज वाचतं. आणि पगार वाढेल तसा हप्ता दरवर्षी पाच टक्क्यांनी वाढवत नेलास, तर बारा वर्षं दोन-तीन महिन्यांत तू मोकळी. पहिल्या वर्षीची वाढ २,१७० रुपयांची आहे. तू ज्या पाच हजारांसाठी दहा वर्षं विकायला निघाली होतीस, त्याच्या निम्म्याहूनही कमी.

प्रत्येक वेळी भरताना फॉर्मवर "हप्ता तोच, मुदत कमी" या खुणेवर टिक आहे का ते बघ. ऑनलाइन भरलंस तरी पडद्यावर तो पर्याय शोध. चुकून "हप्ता कमी" झालं तर पैसे भरूनही मुदत तिथेच बसून राहते. बोनस सगळा मात्र ओतू नकोस, सहा हप्त्यांएवढे पैसे, म्हणजे २ लाख ६० हजार, मुदत ठेवीत बाजूला ठेवल्यावर उरेल ते.

पुढे पाच वर्षांनी कुणी फोन करेल, "मॅडम, आमच्याकडे आठ टक्के." तेव्हा ४४ लाख ६ हजार बाकी असेल. ते कर्ज नव्याने वीस वर्षांसाठी बांधतील, हप्ता ३६,८५६ वर येईल, तुला हायसं वाटेल. एकूण भरशील ८८ लाख ४५ हजार. जुन्याच ठिकाणी साडेआठने राहिली असतीस तर ७८ लाख १० हजार. दर उतरूनही दहा लाख जास्त, कारण मुदत वाढली. तेच उरलेल्या पंधरा वर्षांसाठी नेलंस तर सव्वादोन लाखांच्या वर वाचतात, त्यातून नवी प्रोसेसिंग फी आणि गहाणखताचा खर्च वजा कर. दर विचारायच्या आधी मुदत बघ. किती वेळा सांगू?

तुझा एक मुद्दा मला खोडता येत नाही. "तीस वर्षांचं घेते, हप्ता कमी ठेवते, पण दर महिन्याला ४,९४५ स्वतःहून जादा भरते. नोकरी गेली तर कमी हप्त्याचा आधार राहील." गणितात हे बरोबर आहे, कर्ज वीस वर्षांतच संपेल. माझा आक्षेप गणिताला नाही, माणसाला आहे. जे भरणं ऐच्छिक आहे ते पहिल्या गणपतीला चुकतं, दिवाळीत चुकतं, मग फ्रिज येतो, आणि तिसऱ्या वर्षी आठवणीतूनही जातं. मी तुला कमी लेखत नाहीये. कर्जाच्या बाबतीत मी कुणाच्याच निश्चयावर विश्वास ठेवत नाही, स्वतःच्याही नाही.

तरीही तीसवरच सही करणार असशील तर आधी दोन गोष्टी लेखी विचारून घे: मधल्या भरण्याला किमान रकमेची अट आहे का, आणि दर महिन्याची स्थायी सूचना (खात्यातून रक्कम आपोआप कापण्याची) देऊन तो भरता येतो का. हजार-दोन हजारांची रक्कम घेत नसतील तर तुझी ही योजना तिथेच कोलमडते.

गुरुवारी जाशील तेव्हा त्यांच्याकडून मुख्य तथ्य विवरण माग, केएफएस म्हणतात त्याला. ऑक्टोबर २०२४ पासून ते द्यावंच लागतं. त्यात सगळ्या शुल्कांसह वार्षिक दर असतो आणि परतफेडीचं पूर्ण वेळापत्रकही. साडेआठ आणि तो दर यात किती अंतर आहे ते लिहून ठेव. पानं स्कॅन करून रात्री पाठव. विम्याची ओळ गेली की नाही, ते मी आधी बघेन.

तुझी,
मावशी