घरी केलेल्या दह्याच्या मसालेदार डिपला तासाभरात पाणी सुटतं. पंधरा जणांसाठी आदल्या दिवशी करून ठेवायचंय. घट्टपणासाठी मेयोनीज घालू का?

मेयोनीज घालू नका. वरवर घट्टपणा येईल, पण चव त्या बाटलीची लागेल, आणि मग दही विरजण्याचा खटाटोप तरी कशाला?

प्रश्नाखाली तुम्ही लिहिलंय की दही चांगलं घट्ट होतं, त्यात मीठ, तिखट, लसूण, आलं, कोथिंबीर घालून "सगळं एकदाच मिक्सरला फिरवलं". चोर तिथेच सापडला. या मिक्सरवरून माझा आणि आमच्या जाऊबाईंचा वाद बरीच वर्षं चालू आहे, त्यामुळे जरा सविस्तर लिहिते.

घट्ट दिसणाऱ्या दह्यातसुद्धा शंभरात पंच्याऐंशीच्या आसपास पाणीच असतं. ते दिसत नाही, कारण केसिन या प्रथिनाच्या जाळीत ते अडकून बसलेलं असतं. चमच्याने ढवळलं की जाळी जागोजागी फाटते, पण बरीचशी टिकते. मिक्सरचं पातं तिच्या चिंध्या करतं आणि एकदा फाटलेली जाळी फ्रिजमध्ये ठेवून पुन्हा विणली जात नाही. म्हणून मिक्सरमधून काढताना डिप लोण्यासारखं गुळगुळीत दिसतं आणि पाहुणे येईपर्यंत त्याची लस्सी होते. जाऊबाईंचं म्हणणं, मिक्सरशिवाय ते एकजीव होत नाही. होतं की! श्रीखंडाचा चक्का आपण पुरणयंत्रातूनच काढतो ना? चक्का पुरणयंत्रातून किंवा पिठाच्या चाळणीतून दाबून काढायचा, गुठळी राहत नाही. मग मसाला घालून लाकडी चमच्याने खालून वर घोळायचं. गरगर फेटायचं नाही. एकाच पंचात (पातळ फडक्यात) टांगलेला चक्का अडीचशे-अडीचशे ग्रॅम वाटून घ्या, एक वाटा चटणीच्या भांड्यात वीस सेकंद फिरवा, दुसरा चाळणीतून काढा, दोन्हींत मसाला सारखाच घाला आणि रात्रभर फ्रिजमध्ये ठेवा. सकाळी पहिल्या वाटीत वर पाणी तरंगतं, दुसरीत चमचा उभा राहतो. हे मी जाऊबाईंसमोर करून दाखवलंय. त्यावर उत्तर आलं, "चक्का वेगळा असेल." एकाच पंचातला होता!

असो. चक्का किती टांगायचा यातही चूक होते. श्रीखंडासाठी आपण आठ-दहा तास टांगतो, तो डिपला जास्त कोरडा पडतो. गाजराची कांडी त्यात बुडत नाही, मोडते. डिपला चार-पाच तास पुरे. म्हशीच्या किंवा फुल क्रीम दुधाचं एक किलो दही घेतलं तर अर्ध्या किलोच्या आसपास चक्का मिळतो. टोन्ड दुधाचं दही जास्त पाणी सोडतं आणि चक्का कमी निघतो, त्यामुळे स्वस्त दूध इथे महागात जातं. टांगायचं ते फ्रिजमध्येच. पातेल्यावर चाळणी, चाळणीत ओला करून घट्ट पिळलेला पंचा, त्यात दही, वर ताटली. रात्रभर नळाला लटकवून ठेवलेलं दही मे महिन्यात सकाळपर्यंत इतकं आंबतं की नंतर कितीही साखर घाला, दात आंबायचे राहत नाहीत. आणखी एक, पंचाला साबणाचा वास असेल तर तो वास सगळ्यात आधी दह्यात उतरतो. पंचा साध्या पाण्यात उकळून घ्या. "डिपला कसलातरी विचित्र वास येतो" याचं कारण निम्म्या वेळा मसाल्यात नसतं, फडक्यात असतं.

दही घरचं असेल तर घट्टपणा विरजणाच्याही आधी, दूध तापवताना ठरतो. नुसती उकळी आणून गॅस बंद करू नका, मंद आचेवर आठ-दहा मिनिटं राहू द्या. तेवढ्या उष्णतेने दुधातली व्हे प्रथिनं (एरवी निवळीत उतरणारी) केसिनला चिकटतात आणि जाळी पाणी जास्त धरून ठेवते. मग बोट बुडवून सोसेल इतकं कोमट झालं की अर्धा लिटरला एक चमचा विरजण. विरजण जास्त घातलं तर दही लवकर आंबतं आणि रवाळ होतं. दूध जास्त गरम असताना विरजलं तरी वर निवळी येते. कवडी पडली की लगेच फ्रिजमध्ये टाका. डिपला ताजं, गोडसर दही हवं. ताकाचं आंबट दही इथे चालवून घेऊ नका.

आता मीठ. मीठ पाणी ओढतं, म्हणून बहुतेक जण ते अगदी शेवटी घालायला सांगतात. ते बरोबर आहे, पण अर्धंच. लेबनॉन-सीरियाकडे लबने, म्हणजे तिकडचा खारा चक्का, करतात तेव्हा दही टांगायच्या आधीच त्यात मीठ घालतात, म्हणजे जे पाणी सुटायचं ते फडक्यातून खाली जातं. आदल्या दिवशी करायचं असेल तर तुम्हीही हेच करा: एक किलो दह्याला सपाट एक चमचा मीठ, हलक्या हाताने मिसळून मग टांगा. थोडं मीठ पाण्याबरोबर जातं, चव बघून नंतर चिमूटभर वाढवायचं. त्या खारट पाण्यात कणीक भिजवा, कणकेत वेगळं मीठ घालू नका. त्याच दिवशी करायचं असेल तर डिप वाढायच्या आधी पंधरा मिनिटं मीठ घाला. या दोन्हींच्या मधली वेळ, म्हणजे टांगलेल्या चक्क्यात संध्याकाळी मीठ घालून ते रात्रभर ठेवणं, सगळ्यात वाईट.

मसाल्याचं प्रमाण अर्धा किलो चक्क्याला असं: जिरं दीड चमचा, मंद आचेवर रंग बदलून वास सुटेपर्यंत भाजून खलबत्त्यात जाडसर कुटलेलं. विकतची जिरेपूड नको, तिला फक्त रंग असतो. लाल तिखट एक चमचा, तेल तीन चमचे, लसणाच्या मध्यम चार पाकळ्या, साखर अर्धा चमचा, मिरपूड पाव चमचा, बारीक चिरलेली कोथिंबीर दोन मोठे चमचे. कोथिंबीर धुऊन फडक्यावर पूर्ण कोरडी करा, नाहीतर पाणी तुम्हीच घालताय.

तिखट कोरडंच चक्क्यात टाकलं की कच्चं लागतं आणि लाल ठिपके तसेच राहतात. तिखटाचा रंग तेलात उतरतो. कढल्यात तेल तापवा, गॅस बंद करा, अर्धा मिनिट थांबा, मग तिखट घाला. तेल लालभडक झालं पाहिजे. काळं पडलं तर फेकून पुन्हा करा, करपलेला कडूपणा दह्यात लपत नाही. ब्याडगीचं तिखट रंगाला, झणका हवा असेल तर त्यात लवंगी मिरचीचं थोडं. दह्यातलं केसिन तिखटाचा जोर खाऊन टाकतं, त्यामुळे चाखताना जरा जास्तच तिखट ठेवा. हे तेल पूर्ण थंड झाल्यावरच मिसळायचं. गरम फोडणी ओतली की तिथलं दही फाटतं आणि बारीक दाणे होतात. कोशिंबिरीत ते कळत नाही, डिपमध्ये लगेच जिभेला लागतं.

लसूण कच्चा ठेचून घातला तर पहिल्या तासात छान, दुसऱ्या दिवशी उग्र. ठेचताना त्यावर चमचाभर लिंबाचा रस घाला आणि दहा मिनिटं तसाच ठेवा, आंबटपणामुळे उग्रपणा मर्यादेत राहतो. किंवा मग त्याच कढल्यात, तिखटाच्या आधी, फिकट सोनेरी होईपर्यंत परता. मला दुसरा प्रकार आवडतो.

आणि आलं! प्रश्नात आलं वाचूनच मी उत्तर लिहायला बसले. कच्च्या आल्यात प्रथिनं तोडणारं एन्झाइम असतं. दही काही तासांत सैल होतं आणि कडवट लागायला लागतं. लोक दुधाला, दह्याच्या कंपनीला, जिऱ्याला दोष देतात, आल्याकडे कोणी बोट दाखवत नाही. ताज्या अननसाचं रायतं कडू होतं तेही असंच, तिथलं एन्झाइम वेगळं एवढंच. आलं हवंच असेल तर तेलात नीट परतून घाला, किंवा सुंठ चिमूटभर. परतलेल्या आल्याने काही बिघडत नाही.

काकडी घालणार असाल तर किसून, मीठ लावून, दहा मिनिटांनी मुठीत दाबून पिळा. ग्रीसमध्ये जाजिकी (दही-काकडीचं डिप) करताना हेच करतात, तिथेही काकडी न पिळता टाकली की वाटीत तळं होतं. कांदा आदल्या दिवशी अजिबात नाही, रात्रभरात त्याचा वास सगळ्या डिपचा ताबा घेतो.

पंधरा जणांचं विचारलंत ते राहिलंच. बरोबर आणखी दोन-तीन पदार्थ असतील तर माणशी पन्नास ग्रॅम धरा, म्हणजे पाऊण किलो चक्का, म्हणजे दीड किलो दही, आणि मसाला वरच्या प्रमाणाच्या दीडपट. आदल्या दिवशी मीठ घालून दही चार-पाच तास टांगा, मग चक्का काढून फ्रिजमध्ये ठेवा; तिखटाचं तेल आणि जिऱ्याची पूड वेगवेगळ्या बाटल्यांत ठेवा. सकाळी चाळणीतून काढून तेल, जिरं, लसूण घाला. कोथिंबीर वाढताना. सगळं काचेच्या किंवा स्टीलच्या भांड्यात. बिनकल्हईच्या पितळेत दही कळकतं. टेबलावर दोन तासांच्या वर ठेवू नका, उन्हाळ्यात एकच तास. त्यामुळे दोन वाट्यांत भरा, एक बाहेर, एक फ्रिजमध्ये.

उपासाला करायचं असेल तर लसूण आणि तेल-तिखट वगळून हिरवी मिरची, जिरं आणि दाण्याचं कूट. कूट ऐन वेळी घाला, ते पाणी शोषून डिपचा गोळा करतं.

एक गोष्ट मात्र प्रामाणिकपणे सांगते. पनीर टिक्क्यावर किंवा चाटवर धार धरायला पातळ डिप हवं असेल तर मिक्सरच बरा, तिथे पाणी सुटण्याचा प्रश्नच नाही. जाऊबाई नेमकं तेच उदाहरण देतात. पण गाजर-काकडीच्या कांड्यांबरोबर वाढायचं डिप वेगळं, आणि वाद त्याचा होता.

आजचं जे बिघडलंय ते टाकू नका. पुन्हा पंचात घालून तासभर फ्रिजमध्ये ठेवा, बरंचसं जागेवर येतं. आल्यामुळे कडू झालं असेल तर मात्र त्यात बेसन कालवून कढी करा, गूळ जरा जास्त घाला.