वाचकांचे प्रश्न : शिखरांची उंची

प्रश्न : सोसोगड हे गोव्यातलं सर्वांत उंच शिखर. त्याची उंची कुठे १,०२६ मीटर दिलेली असते, कुठे १,१६६. खरी कोणती? (वाळपई)

उत्तर : १,१६६ धरा. फुटांतला आकडा ३,८२७ असा दिला जातो आणि एक फूट म्हणजे ०.३०४८ मीटर. गुणाकार करून पाहा, १,१६६ येतात. १,०२६ मीटरचे फूट जेमतेम ३,३६६ भरतात. तरीही १,०२६ मीटर आणि ३,८२७ फूट एकाच ओळीत छापलेले आढळतात, आणि तिथूनच हा आकडा मुलांच्या वह्यांत उतरतो. तो खोडायलाच हवा.

प्रश्न : डोंगरमाथ्यावर मोबाइल नकाशापेक्षा बरीच कमी उंची दाखवतो. मोबाइल बिघडलाय का? (डिचोली)

उत्तर : नाही. नकाशातली उंची समुद्राच्या सरासरी पातळीपासून मोजलेली असते. उपग्रहावरून येणारी उंची मात्र पृथ्वीच्या गणिती आकारापासून मोजली जाते, आणि आपल्या भागात समुद्राची पातळी त्या आकाराच्या पन्नास मीटरहून अधिक खाली आहे. काही अ‍ॅप हा फरक स्वतःच भरून काढतात, काही नाही. तुमचं कोणत्या जातीचं, हे पणजीच्या मिरामार किनाऱ्यावरच्या वाळूत कळेल. उघड्या आभाळाखाली पाच मिनिटं थांबा. आकडा शून्याच्या आसपास स्थिरावला तर ठीक. उणे साठ-सत्तर असा काही आला, तर तेवढे मीटर डोंगरावरच्या आकड्यात मिळवा. किनाऱ्यापासून सत्तरी तालुक्यापर्यंत हा फरक फारसा बदलत नाही.

एक पथ्य पाळा : दाट झाडीत घेतलेला आकडा धरू नका. उपग्रह फक्त डोक्यावरच्या बाजूला असतात, त्यामुळे उंचीतली चूक मुळातच आडव्या अंतरातल्या चुकीपेक्षा मोठी असते. झाडीत आणि कड्याखाली ती आणखी वाढते.

प्रश्न : भारतातलं सर्वोच्च शिखर के-टू, कांचनगंगा की नंदादेवी? (काणकोण)

उत्तर : प्रश्नाचे शब्द नीट वाचा. के-टू (८,६११ मीटर) भारत आपला मानतो त्या प्रदेशात आहे, पण ताबा पाकिस्तानचा आणि पलीकडची बाजू चीनकडे. प्रत्यक्ष ताब्यातलं विचारलं तर सिक्कीम-नेपाळ सीमेवरचं कांचनगंगा, ८,५८६ मीटर. ‘संपूर्णपणे भारतात’ असं म्हटलं असेल तर उत्तराखंडातलं नंदादेवी, ७,८१६ मीटर.