कूपन वाढली, बचतही दिसतेय, मग किराण्याचं बिल का फुगलं?

ताई, तुमचा प्रश्न मला समजला तो असा. घोडबंदर रोडला कासारवडवलीत राहायला आल्यापासून तुम्ही तीन ॲप आणि जवळचं एक सुपरमार्केट मिळून किराणा भरता. कूपन लावल्याशिवाय एकही ऑर्डर करत नाही. ॲपवाले महिन्याला हजारभर रुपये वाचल्याचं दाखवतात, तरी पूर्वी नऊ हजारांत भागणारा किराणा आता तेराच्या घरात गेलाय. घरात माणसं तीच तीन. कूपन बंद करावीत का, आणि महिन्यातून एकदा वाशीच्या एपीएमसी घाऊक बाजाराला जाणं परवडेल का, असं तुम्ही विचारलंय.

तुमच्या प्रश्नाला आधी उत्तर देणाऱ्या बहुतेकांनी महागाईकडे बोट दाखवलंय. महागाई आहेच. पण माणसं तीच, खाणं तेच, आणि थोड्या काळात चार हजारांचा फरक, हा नुसत्या भाववाढीचा नाही. तुमच्या घरात येणारा माल वाढलाय. कूपन ज्यासाठी काढलेलं असतं ते काम त्याने चोख केलंय.

वागळे इस्टेटमध्ये साबण, बिस्किटं, चहा अशा मालाच्या एका वितरकाकडे मी बरीच वर्षं हिशेब आणि क्लेमचं काम केलं. कंपनी स्कीम जाहीर करते, आम्ही ती दुकानदाराला देतो आणि मग कागदपत्रं जोडून ते पैसे कंपनीकडून परत मागतो, त्याला क्लेम म्हणतात. त्यामुळे कुठली सूट कोणाच्या खिशातून येते आणि कधी येते, हे रोज डोळ्यांसमोर असायचं. महिनाअखेर आली आणि टार्गेट अडलं की स्कीम. वेष्टन बदलणार असलं की जुना माल संपवायला स्कीम. एक्सपायरी जवळ आली की एकावर एक फ्री. आणि समोरची कंपनी कपड्यांची नवीन पावडर बाजारात आणणार अशी कुणकुण लागली की आधीच मोठ्या पॅकवर भरघोस सूट, म्हणजे लोकांची कपाटं आपल्याच मालाने भरलेली राहतात आणि नवी पावडर घ्यायची वेळच येत नाही. यातलं एकही कारण तुमच्या घरात काय संपलंय याच्याशी जोडलेलं नाही. त्यात वाईट काही नाही, तो धंदा आहे. पण सूट आली म्हणजे आपल्याला ती वस्तू हवी होती असं मनात येतं, तिथे थांबायला हवं.

आता तुमच्या चार हजारांकडे. माझ्या मते त्यातला मोठा वाटा 'इतक्या रुपयांवर इतकी सूट' या प्रकाराने खाल्लाय. उदाहरण घेऊ. तुम्हाला ४३० रुपयांचं सामान हवंय. वर पट्टी दिसते, '६९९ च्या खरेदीवर १०० रुपये सूट'. तुम्ही आणखी २७० रुपयांचं काहीतरी टाकता, बिल ७०० होतं, सूट जाऊन ६०० भरता. ॲप सांगतं, १०० वाचले. खिशातून मात्र १७० जास्त गेले. ते २७० चं सामान पुढच्या आठवड्याच्या यादीतलं असेल, समजा तूरडाळ आणि भांड्यांचा साबण, तर सूट खरी आहे, जरूर घ्या. पण रात्री साडेनऊला रक्कम भरायला आपण तूरडाळ शोधत नाही. खाली सरकणाऱ्या ओळीत जे दिसतं ते टाकतो, आणि तिथे चॉकलेट, चिप्स, नवीन चवीचं दही, असलंच असतं.

पूर्वी महिन्याच्या सामानाची एक यादी व्हायची, वाण्याकडे चिठ्ठी जायची, पोऱ्या सामान आणून द्यायचा. एक यादी, एक बिल. आता तोच किराणा दहा-बारा ऑर्डरींत तुटतो, आणि प्रत्येक ऑर्डरला तिची स्वतःची रक्कम गाठायची असते. फ्री डिलिव्हरीची एक, कूपनची दुसरी, बँकेच्या कार्डाची तिसरी. कोथिंबीर संपली म्हणून ॲप उघडलं तरी तीस रुपयांची कोथिंबीर एकटी येत नाही, कारण छोट्या ऑर्डरवर डिलिव्हरी आणि हँडलिंगचे पैसे लागतात आणि ते द्यायला आपलं मन होत नाही. मग ते वाचवायला दीडशेचं सामान. महिन्यात असं किती वेळा झालं ते ऑर्डर हिस्ट्रीत बघा. पैसे देऊन घेतलेली मेंबरशिप असेल तर आणखी वाईट, कारण ती वसूल करायची म्हणून ॲप जास्त वेळा उघडलं जातं.

दुसरा मुद्दा मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो, आणि त्यावर कोणी बोलत नाही. सवलतीत जास्त आणलेल्या सगळ्याच वस्तू सारख्या वागत नाहीत. १९९८ मध्ये कुसुम ऐलावाडी आणि स्कॉट नेस्लिन यांनी अमेरिकेतल्या घरांच्या खरेदीच्या नोंदींवरून दही आणि केचप या दोन वस्तू तपासल्या. घरात साठा जास्त असला की दह्याचा खप बराच वाढायचा, केचपचा तितका नाही. आपल्या घरात हेच बघा. मिठाच्या दोन पिशव्या आणल्या म्हणून आमटी खारट होत नाही. कपड्यांची पावडर चार किलोची आणली तरी कपडे तेवढेच निघतात. पण बिस्किटांचे सहा पुडे, फरसाणाची मोठी पिशवी, कोल्ड्रिंकच्या दोन बाटल्या एकावर एक फ्रीमध्ये आणल्या, तर पुढच्या महिन्याला पुरतील असा हिशेब आपण करतो आणि त्या आठवड्यात संपतात. मुलगा शाळेतून आला की डबा समोर, पाहुणे आले की डबा समोर. मग पुढच्या आठवड्यात परत ऑर्डर. अर्ध्या किमतीत घेतलं हे खरं, दुप्पट खाल्लं हेही खरं, आणि पैसे तेवढेच गेले.

आपल्या आई-आजीचं साठवणीचं सामान आठवा. गहू, तांदूळ, एरंडेल लावलेली तूरडाळ, उन्हाळ्यात मिरची-हळद. ज्याचा खप ठरलेला आहे तेच मोठ्या प्रमाणात भरायचं, ही पद्धत त्यांच्याकडे होती. खाऊ कधी कोणी वर्षाचा भरला नाही. म्हणून कूपन बंद करू नका. तेल, साबण, पावडर, डाळी, चहा, टूथपेस्ट यांवर मिळेल ती सूट घ्या आणि चार महिन्यांचं आणून ठेवा, फक्त एक्सपायरीची तारीख बघून. हात लावला की संपतं ते मात्र कितीही स्वस्त मिळो, एका वेळी एकच पुडा. माझ्या हिशेबाने एवढ्या एका नियमाने तुमचे निम्मे जास्तीचे पैसे थांबतील.

आता सूट खरी आहे का ते कसं ओळखायचं. टक्केवारी एमआरपीवर मोजतात, आणि एमआरपी कंपनीच ठरवते. तूरडाळीच्या पाकिटावर २४० छापलंय आणि ॲपवर ती १६५ ला आहे, तर ३१ टक्के सूट दिसणार. तुमच्या वाण्याकडे तशीच चांगली सुटी डाळ १५० ला असेल तर त्या ३१ टक्क्यांचा उपयोग काय? डाळी, सुकामेवा, मसाले, दुकानांचे स्वतःच्या ब्रँडचे पदार्थ, यांत छापील किंमत आणि विक्रीची किंमत यांतलं अंतर मोठं असतं. चहा, साबण, बिस्किटं यांत ते कमी असतं, म्हणून तिथली दहा टक्के सूट डाळीच्या तीस टक्क्यांपेक्षा मोलाची ठरू शकते.

वजनाकडे नीट बघा. पूर्वी चहा, तेल, बिस्किटं अशा ठराविक वस्तू ठरलेल्या वजनांतच विकायचं बंधन होतं. २०२१ च्या दुरुस्तीत ते काढलं आणि त्याऐवजी पाकिटावर युनिट सेल प्राइस, म्हणजे दर ग्रॅमला, किलोला किंवा लिटरला किती पडतं ते छापायला लावलं. तेलाच्या पिशवीतच बघा. एक लिटर तेल साधारण ९१० ग्रॅम भरतं. शेजारी दिसायला तेवढीच ८५० ग्रॅमची पिशवी असते. समजा पहिली १६० ला आणि दुसरी 'ऑफरमध्ये' १५२ ला. हात दुसरीकडे जातो. भागून बघा: पहिली किलोला १७६ च्या आसपास, दुसरी १७९ च्या आसपास. स्वस्त दिसणारी महाग आहे. छापलेला युनिटचा भाव एमआरपीवर काढलेला असतो, सवलतीच्या भावावर नाही, त्यामुळे ऑफर असेल तेव्हा भागाकार आपणच करायचा. एक किलोच्या आतल्या पाकिटावर तो दर ग्रॅमला आणि वरच्यावर दर किलोला लिहितात, त्यामुळे दोन पॅक शेजारी ठेवताना दशांश चिन्ह नीट बघावं लागतं. फोनमधला कॅल्क्युलेटर दुकानातच काढा, कोणी काही म्हणत नाही.

तुमच्याकडे जुन्या भावांची वही असेल तर ती २२ सप्टेंबर २०२५ नंतरची नव्याने करा. त्या दिवशी बिस्किटं, साबण, टूथपेस्ट, शाम्पू यांवरचा जीएसटी १८ वरून ५ टक्क्यांवर आला, तूप-लोणी-चीजवरचा १२ वरून ५ वर. त्याआधीच्या भावाशी तुलना केलीत तर आजची प्रत्येक किंमत ऑफर वाटेल. वहीत पंधरा-वीस वस्तू पुरेत, ज्या दर महिन्याला लागतातच. प्रत्येकीपुढे किलोचा भाव.

आधीच्या उत्तरांत एकाने लिहिलंय की कूपन नकोत, सरळ डीमार्टला जा. तिथे कूपनची भानगड नाही आणि रोजचाच भाव कमी असतो, हे बरोबर. पण तिथेही यादी लागतेच. त्या कंपनीच्या विक्रीचा पाचव्या हिश्श्याहून मोठा भाग कपडे, भांडी, प्लास्टिकचं सामान अशा घरगुती वस्तूंतून येतो, हे कंपनी स्वतःच दरवर्षी सांगते. साखर-तेलासाठी गेलेला माणूस बेडशीट आणि डबे घेऊन बाहेर पडतो ते त्यामुळेच. दुकानात अचानक हातात आलेल्या कूपनचाही असाच परिणाम होतो. २००२ मध्ये अमेरिकेतल्या सुपरमार्केटांत यावर अभ्यास झाला होता, आणि अनपेक्षित सूट मिळालेल्या लोकांनी न ठरवलेल्या वस्तू जास्त घेतल्या होत्या. वाचलेले पैसे मोकळे वाटतात आणि तिथल्या तिथे खर्च होतात.

'फक्त दहा मिनिटं बाकी' असं घड्याळ दर वेळी नव्याने सुरू होत असेल, किंवा न विचारता बास्केटमध्ये काही टाकलेलं असेल, तर ते गप्प सोसू नका. नोव्हेंबर २०२३ पासून केंद्राच्या नियमावलीत अशा तेरा क्लृप्त्यांची नावं घेऊन मनाई केली आहे, आणि १९१५ या क्रमांकावर तक्रार करता येते. स्क्रीनशॉट ठेवा.

पुढच्या महिन्यात एवढंच करून बघा. एक तारखेच्या आसपास यादी करा, डबे उघडून बघून, आठवणीने नाही. यादी झाल्यावरच ॲप उघडा आणि जी एक मोठी ऑर्डर होईल तिला सगळ्यात चांगलं कूपन लावा. मधे काही संपलं तर खालच्या दुकानातून आणा, भाव चार रुपये जास्त असला तरी. वाणी तुम्हाला २७० रुपयांचं आणखी काही घ्यायला लावत नाही. आणि 'किती वाचले' हा आकडा बघणं सोडा, महिन्याची बेरीज लिहा. नऊ हजार परत दिसणार नाहीत, भाव खरंच वाढलेत, पण दहा-साडेदहाला यायला हरकत नाही.

एपीएमसीचं म्हणाल तर दर महिन्याला जाऊ नका. कासारवडवलीहून गाडीने जायचं तर पेट्रोल आणि अर्धा दिवस जातो, आणि तीन माणसांच्या महिन्याच्या डाळीवर तेवढी बचत होत नाही. शिवाय तो घाऊक बाजार आहे, किलो-दोन किलो मागितलं तर बरेच जण देत नाहीत, आणि देतात त्यांचा भाव किरकोळीच्या जवळ जातो. महिन्याच्या डाळी-मसाल्यांना ठाण्यातला जांभळी नाका बरा, स्टेशनला जाण्या-येण्यात होतो. वाशीला वर्षातून एक-दोनदा जा. मार्च-एप्रिलमध्ये मिरची आणि खड्या मसाल्यासाठी मसाला मार्केटला, आणि तांदळाच्या कट्ट्यासाठी तिथल्याच दाणा बाजारात. बिल्डिंगमधली तीन-चार घरं मिळून गेलात आणि ३० किलोचे कट्टे वाटून घेतलेत तर टेम्पोचं भाडंही निघतं. नुसता भाव काढून यायचा असेल तर ठाण्याहून ट्रान्स-हार्बर लोकलने तुर्भ्याला उतरा, तिथून रिक्षा मिळते. तांदूळ घेताना मूठभर घरी आणून शिजवून बघा, मगच कट्टा उचला.