आईसोबत चौदा दिवस

अगं, आईसोबत चौदा दिवस एकाच घरात बंद राहायचंय, कसं जमवू, असं विचारलंस ना? आधी एक सांगते, या चौदा दिवसांत जुनी उणीदुणी काढू नकोस. तुझं म्हणणं खरं असलं तरीही. भांडून बाहेर चक्कर मारून यायची सोय नाहीये ना!

2020 च्या मार्चमध्ये मी हातावर होम क्वारंटाईनचा शिक्का घेऊन आईकडे आले. खोलीचं दार लावलं की तिला राग, उघडं ठेवलं की मला धास्ती. तिसऱ्या दिवशी दाराबाहेरच्या स्टुलावर ताट आपटून गेली. वरणावर तूप मात्र होतं. आमच्याकडे माफी अशीच मागतात.

मग मी चार वाजता, चहाच्या वेळी, खोलीतून स्वयंपाकघरात तिला फोन लावायला लागले. समोरासमोर टोमणे मारणारी बाई फोनवर चक्क नीट बोलते. विषय साधाच ठेवायचा: भाजी काय, आंबोळीचं पीठ किती आंबवायचं. लग्नाचा विषय निघाला की ‘नंतर बोलू’ म्हणायचं आणि खरंच फोन ठेवायचा. आपलं ताट आपण घासायचं, न सांगता. व्हॉट्सअ‍ॅपवरचे काढे मुकाट्याने प्यायचे नाहीत, पण त्यावरून वादही घालायचा नाही.

हात उगारण्यापर्यंत गेलं तर मात्र गप्प बसू नकोस, 181 या महिला हेल्पलाईनला फोन कर.