यकृतातली गाठ: अ‍ॅडिनोमाबद्दल तुमचे प्रश्न

प्रश्न : वय ३२. पित्ताच्या खड्यांसाठी सोनोग्राफी केली, तर यकृतात ४ सें.मी.ची गाठ दिसली. एमआरआयमध्ये ‘हिपॅटोसेल्युलर अ‍ॅडिनोमा’ असे आले. पीसीओडीसाठी सात वर्षे हॉर्मोनच्या गोळ्या घेते आहे. हा कॅन्सर आहे का? लगेच ऑपरेशन करावे लागेल का?

उत्तर : हा कॅन्सर नाही. यकृताच्याच पेशी एका जागी वाजवीपेक्षा जास्त वाढल्या की ही गाठ होते. ती दुर्मीळ आहे आणि बहुतेक वेळा तुमच्या वयाच्या बायकांतच सापडते. त्याचे मोठे कारण तुमच्या पत्रातच आहे. इस्ट्रोजेन हे स्त्री-हॉर्मोन असलेल्या गोळ्या आणि ही गाठ यांचा संबंध १९७३ पासून माहीत आहे. जास्त मात्रेच्या गोळ्या चालायच्या त्या काळातही, अनेक वर्षे गोळी घेणाऱ्या लाखभर स्त्रियांत वर्षाला तीन-चार जणींनाच ती होत असे. तेव्हा गोळी घेणाऱ्या प्रत्येकीने धास्ती घेण्याचे कारण नाही. गाठ निघाली असेल तिने मात्र गोळी बंद करायचीच.

स्त्रीरोगतज्ज्ञांना एमआरआयचा रिपोर्ट दाखवा आणि पाळीसाठी दुसरा इलाज मागा. गर्भनिरोधनासाठी साधी तांबी चालते. हॉर्मोनवाली तांबी त्यांना विचारल्याशिवाय नको. वजन जास्त असेल तर उतरवा, कारण लठ्ठपणाही या गाठीला पोसतो. सहा महिन्यांनी पुन्हा एमआरआय करा. गोळी सुटली की गाठ आक्रसलेली बऱ्याचदा दिसते. ५ सें.मी.च्या आत राहिली आणि वाढत नसली, तर नुसते लक्ष ठेवणे पुरते. त्यापेक्षा मोठ्या गाठीत रक्तस्राव होऊ शकतो, आणि थोड्या जणींत पुढे कॅन्सरही होतो. म्हणून ती काढतात.

एक गोष्ट घरातल्यांनाही सांगून ठेवा. उजव्या बरगडीखाली अचानक जोराची कळ आली, घाम फुटला, चक्कर आली, तर अ‍ॅसिडिटी समजून गोळी घेऊन झोपू नका. मिळेल त्या रिक्षाने लगेच मोठे हॉस्पिटल गाठा आणि दारातच सांगा, ‘यकृतात अ‍ॅडिनोमा आहे.’ मांडीतल्या धमनीतून नळी सरकवून रक्त वाहणारी नस बंद करता येते, पण त्यासाठी वेळेत पोचायला हवे.

प्रश्न : भाऊ २८ वर्षांचा, जिमला जातो, शरीर कमावायला ‘सायकल’ची, म्हणजे ठरावीक आठवड्यांच्या कोर्सची, इंजेक्शने घेत होता. त्याची गाठ ३ सें.मी.चीच, तरी डॉक्टर काढायला सांगतात. बायकांना थांबा म्हणता, मग याला का नाही?

उत्तर : कारण तो पुरुष आहे. पुरुषांतला अ‍ॅडिनोमा कॅन्सरमध्ये बदलण्याची शक्यता बायकांपेक्षा पुष्कळ जास्त असते, म्हणून तिथे आकार बघत बसत नाहीत. डॉक्टरांचा सल्ला बरोबर आहे. यकृताचा तुकडा काढला तरी निरोगी यकृत पुन्हा वाढून भरून येते, हे त्याला सांगा. आणि इंजेक्शने कायमची बंद. ती बहुधा पुरुषी हॉर्मोनची, अ‍ॅनाबॉलिक स्टिरॉइडची असतात आणि त्यांनीच ही गाठ होऊ शकते. दंड फुगवण्यासाठी धडधाकट पोरे यकृत पणाला लावताना पाहिली की जीव तुटतो.

प्रश्न : माझ्या रिपोर्टात ‘एफएनएच’ लिहिले आहे. तेही हेच का?

उत्तर : नाही, आणि तुमचे नशीब चांगले. एफएनएच (फोकल नोड्युलर हायपरप्लासिया) ही यकृतातली वेगळी गाठ. तिच्यातून सहसा रक्त वाहत नाही, तिचा कॅन्सर होत नाही, तिला बहुधा औषधही लागत नाही. फरक एमआरआयच्या फिल्मवर पाहण्यासारखा असतो. यकृताच्या पेशी ओढून घेतील असे खास औषध शिरेतून देतात आणि वीस मिनिटांनी फोटो काढतात. सगळे यकृत उजळून पांढरे होते. एफएनएच त्याच्यासारखीच उजळते, कधी मधोमध व्रणासारखी चांदणी दिसते. अ‍ॅडिनोमा बहुधा काळाच राहतो. काही अ‍ॅडिनोमाही उजळतात, तेव्हा शंका उरली तर सुईने तुकडा काढून तपासावा लागतो. त्या तुकड्यावरून बीटा-कॅटेनिन नावाच्या जनुकातला बदलही कळतो. तो सापडला तर गाठ लहान असली तरी काढलेली बरी.

प्रश्न : गौरी-गणपतीत पाळी पुढे ढकलायच्या गोळ्या दर वर्षी घेते. त्याने गाठ होईल का?

उत्तर : चार-आठ दिवसांच्या गोळ्यांनी नाही, धोका वर्षानुवर्षांच्या इस्ट्रोजेनचा आहे. पण अ‍ॅडिनोमा आधीच असेल तर दुकानातून परस्पर आणून घेऊ नका.

प्रश्न : सुनेला ३ सें.मी.चा अ‍ॅडिनोमा आहे. दिवस राहिले तर?

उत्तर : राहू द्या. ५ सें.मी.पेक्षा लहान गाठीसाठी बाळाचा विचार सोडायची गरज नाही. गरोदरपणात हॉर्मोन वाढतात, म्हणून गाठ वाढते का हे दर सहा ते बारा आठवड्यांनी सोनोग्राफीत बघायचे. गाठ मोठी असती तर आधी तिचा बंदोबस्त करून मग दिवस राहू द्या म्हटले असते. सुनेचे नाव नोंदवताना पहिल्याच भेटीत डॉक्टरांना गाठीबद्दल सांगा आणि एमआरआयची फिल्म फाइलमध्येच ठेवा.